नववी ड

आमच्या शाळेत नववीच्या तीन तुकड्या होत्या. अ, ब आणि क. बाईंच्या मते चार. चौथी तुकडी शाळेच्या मागच्या कातळावर भरायची, जूनमध्ये सुरू व्हायची आणि दसऱ्याच्या आसपास संपायची. तिच्यात एक्केचाळीस मुली होत्या आणि एकीलाही पाय नव्हते.

मुली म्हणजे रोपं. सफेद मुसळीची. बोरिवली पूर्वेला, जंगलाच्या कुंपणाला लागून आमची मुलींची शाळा, आणि तिच्या पाठीमागे काळ्या खडकाचा उतार. त्यावर माती म्हणाल तर फटींत साठलेली तेवढीच. जून सरता सरता तिथून हिरव्या पात्या वर येतात, जमिनीला टेकून गोल पसरतात, मधून एक दांडा उठतो आणि दांड्यावर सहा पाकळ्यांची पांढरी फुलं लागतात. पावसाळा संपला की सगळं गळून जातं. खाली बोटांसारखी पांढरी मुळं तेवढी झोपून राहतात, थेट पुढच्या जूनपर्यंत. बाईंनी प्रत्येक रोपाशेजारी एक गोटा ठेवला होता आणि गोट्यावर पांढऱ्या ऑइलपेंटने हजेरी क्रमांक घातला होता. मधल्या सुट्टीत त्या छत्री घेऊन मागे जायच्या आणि खरोखरीच्या शाळेच्या हजेरीपटावर खरोखरीची हजेरी घ्यायच्या.

"पण बाई, नववीच का?" मी एकदा विचारलं.

"आठवीतल्या लहान असतात, दहावीतल्या घाबरलेल्या असतात. नववीत मुलगी जरा स्वतःची असते."

बाई जीवशास्त्र शिकवायच्या. पन्नाशीच्या होत्या, एकट्या राहायच्या, पांढऱ्या सुती साडीवर पुरुषी कॅनव्हासचे बूट घालायच्या. परकराला त्यांनी स्वतः एक भलामोठा खिसा शिवून घेतला होता. त्यात भिंग, रंगाचा बारीक ब्रश आणि खडीसाखर. ब्रश फुलांसाठी. एका फुलातले परागकण दुसऱ्या फुलावर लावताना त्या कातळावर चक्क पालथ्या पडायच्या. एकदा शिक्षण खात्याचे इन्स्पेक्टर तपासणीला आले होते, त्यांनी खिडकीतून हे दृश्य पाहिलं आणि घाबरून शिपायाला म्हणाले, "अरे, त्या बाईंना चक्कर आली वाटतं!"

शिपाई शांतपणे म्हणाला, "नाय साहेब. तास चालू आहे."

आणि मी? मी तेव्हा चोवीस वर्षांची, बी.एस्सी. फर्स्ट क्लास, आणि ह्या दोन्ही गोष्टी समोरच्याला पाच मिनिटांत कळतील अशी व्यवस्था करणारी. गिरगावातून लग्न होऊन बोरिवलीत आले होते. लग्न ठरलं तेव्हा मावशी आईला म्हणाली होती, "अगं, पोरीला जंगलात काय देतेस?" तेच वाक्य डोक्यात घेऊन मी शाळेत रुजू झाले. टाचेच्या चपला, नायलॉनची साडी, आणि चेहऱ्यावर असा भाव की मी इथे चुकून उतरले आहे, पुढची गाडी आली की जाईन. त्या वेळचा माझा एक फोटो आहे; आज माझी नात तो बघते आणि म्हणते, "आजी, तू किती भाव खायचीस गं!" खाल्ला बाई. भरपूर खाल्ला. आणखीही एक गोष्ट खाल्ली, ती सांगण्यासाठीच हे लिहिते आहे.

पहिल्याच आठवड्यात मी स्टाफरूममध्ये म्हणाले, "ह्या बोरिवलीत आहे काय?" बाई वह्या तपासत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "शास्त्रज्ञांनी ह्या मुसळीचं नाव ठेवलं ना, त्यात बोरिवली आहे. इथल्या रोपांवरून ठेवलं. गिरगावच्या नावाचं काय उगवतं गं?"



बाईंना कुणी फुलाला सुंदर म्हटलेलं खपत नसे. एक मुलगी कातळावर ओणवी होऊन, "अय्या, बाई, किती सुंदर!" म्हणाली. बाईंनी तिला तिथेच उभी केली. "तू सकाळी दात घासतेस तेव्हा कुणी येऊन सुंदर म्हणतं? ती कामात आहे. तिच्याकडे एक सकाळ आहे, दुपारी ती मिटणार. तुझ्याशी गप्पा मारायला वेळ नाही तिला." मुलीने फुलाला सॉरी म्हटलं. बाईंना त्यात काही विशेष वाटलं नाही.

मुसळीच्या मुळ्या वाळवून ताकदीचं औषध म्हणून विकतात. त्यासाठी जंगलं खणून काढली लोकांनी. म्हणून तर रानातली मुसळी इतकी दुर्मीळ झाली. बाजारातल्या एका दुकानावर "पुरुषांसाठी खास" अशी पाटी होती. बाई तिथे गेल्या, मी बरोबर होते, आणि मला जमिनीने पोटात घ्यावं असं वाटत होतं. दुकानदाराला त्यांनी बरणी उतरवायला लावली, एक मुळी भिंगातून पाहिली आणि गिऱ्हाइकांच्या देखत विचारलं, "ही घेऊन ताकद येते?"

"एकदम झकास येते, बाई."

"आणि ताकद आली की करतात काय? जिन्यावरून पाण्याची कळशी आणतात?"

दुकानदाराने बरणीचं झाकण लावलं. रांगेतला एक गृहस्थ मुकाट्याने निघून गेला. बाहेर आल्यावर बाई म्हणाल्या, "एकाला सोफ्यावर बसायला ताकद हवी, म्हणून दुसरीने मुळासकट जायचं."

एप्रिलमध्ये त्यांनी मला पहिल्यांदा कातळावर नेलं. मी बघते तर काय, नुसता तापलेला खडक आणि नंबर घातलेले गोटे. बाईंनी मला चपला काढायला लावल्या. मग अगदी हळू आवाजात म्हणाल्या, "इथे एक्केचाळीस मुली झोपल्यात."

दुसऱ्या दिवशी स्टाफरूममध्ये मी हे साभिनय करून दाखवलं. पदर खोचून, पाय उचलून टाकत, "इथे एक्केचाळीस मुली झोपल्याऽत!" सगळ्या हसून लोळल्या आणि अचानक थांबल्या. दारात बाई उभ्या होत्या. म्हणाल्या, "चाल छान जमली आहे. पण मी कुजबुजले होते. तू ओरडलीस."

त्याच जूनमध्ये बातमी आली. शाळेच्या ट्रस्टींना बॅडमिंटनचं कोर्ट हवं होतं, आणि जागा एकच होती, मागचा कातळ. फोडून सपाट करायचा. बाई तडक मुख्याध्यापिकांकडे गेल्या. मुख्याध्यापिकांना आम्ही मोठ्या बाई म्हणायचो. गणिताच्या, सरळ रेषेसारख्या. त्या म्हणाल्या, "ट्रस्टींना मी काय सांगू? तिथे खडक आहे. पंधरा ऑगस्टला झेंडावंदन झालं की मी स्वतः येते. जेवढी तुमची रोपं दाखवाल तेवढी जागा सोडायला लावीन."

म्हणजे सगळं त्या एका सकाळवर आलं. बाईंनी खडीसाखर खाणं सोडलं, एवढीच काळजी त्यांनी दिसू दिली.

जुलैत त्यांच्या बहिणीचं मोतीबिंदूचं ऑपरेशन निघालं आणि त्यांना आठ दिवस सांगलीला जावं लागलं. जाताना हजेरीपट माझ्या हातात दिला. "रोज बघून ये. दुसरं काही करायचं नाही. फक्त बघायचं."

त्या आठ दिवसांत मी एकदाही बघायला गेले नाही. चिखल होता, चपला नव्या होत्या. स्टाफरूममध्ये चहा पीत एक्केचाळीस जणींपुढे हजर, हजर, हजर अशी खूण करत गेले. अक्षर मात्र सुबक.

आता सासूबाईंना आणते. त्या मालवणकडच्या. सासरे गिरणीत होते, गिरणीतली नोकरी संपल्यावर गावी न परतता ही मंडळी बोरिवलीत दोन खोल्यांत स्थिरावली. मला स्वयंपाकातलं फारसं येत नव्हतं आणि येत नाही हे कबूल करणंही येत नव्हतं. रविवारी सकाळी सासूबाई म्हणाल्या, "तबेल्याच्या पाठीमागसून वाट आसा. थंय फोडशी इली आसतली. चल गो, भाजी हाडूया."

फोडशी ही पावसाळ्यातली रानभाजी. मुसळीच्याच घराण्यातली, कोवळी पानं सारखीच दिसतात आणि रांधली की सारखीच लागतात. आम्ही तबेल्याच्या बाजूने चढलो. खालच्या अंगाने कातळावर पोचलो. सगळीकडे हिरव्या पात्या. सासूबाईंचा चेहरा असा उजळला की काय सांगू. माहेरचं माणूस भेटल्यासारखा. कनवटीचा चाकू काढून त्या सराईतपणे पानं कापू लागल्या.

मी आजवर सगळ्यांना सांगत आले की जागा मला ओळखूच आली नाही, मी दुसऱ्या बाजूने गेले होते, एप्रिलमध्ये उजाड होती. नवऱ्याला हेच सांगितलं, मुलांनाही हेच. आता सत्तरी उलटली, दोन्ही गुडघे बदलून झाले, खोटं बोलायला फार स्मरणशक्ती लागते आणि ती आता परवडत नाही. तर खरं सांगते. तिसऱ्या रोपाला माझ्या हाताला गोटा लागला. वर सतरा लिहिलेलं होतं. मी वाचलं.

आणि मग मी काय केलं? "आई, नको, ही बाईंची आहेत," हे पाच शब्द. पण सासूबाई पहिल्यांदाच माझ्यावर खूश दिसत होत्या. मला ते शब्द जड झाले. मी गोटा हळूच पालथा घातला आणि भाजी काढू लागले. तीही दुप्पट उत्साहाने! चाकू नव्हता, म्हणून दोन्ही हातांनी धरायचं आणि ओढायचं. पातळ मातीतून रोप सहज वर यायचं, खाली पांढऱ्या मुळांचा झुबका लोंबत.

सासूबाईंनी वळून पाहिलं आणि कपाळावर हात मारला. "अगो माज्या बाये! मुळासकट कित्या उपटतंस? फुडल्या वर्साक काय दगड खातलंस?"

तोवर माझी पंधरा उपटून झाली होती, त्यांची दहा कापून; सतराच्या पुढचा सगळा खालचा उतार रिकामा.

भाजी हरभऱ्याची डाळ घालून केली. उत्कृष्ट झाली, हेही लपवत नाही. सोमवारी सासूबाईंनी माझ्या डब्याबरोबर आणखी एक डबा दिला. "तुज्या त्या येकट्या बाई आज येवच्या हत मां? परवासातसून येतली. तेंका दी." मी नको नको म्हटलं. का नको, ते सांगता येईना. डबा पिशवीत गेला.

मधल्या सुट्टीत बाईंनी पहिला घास घेतला. चावला. थांबल्या.

"कसली भाजी?"

"चाकवत," मी म्हणाले.

"चाकवत? जुलैमध्ये?"

चाकवत हिवाळ्यात येतो हे बी.एस्सी. फर्स्ट क्लासला माहीत नव्हतं. "बाजारातून आणली," मी म्हणाले, "मला नाव नीट..."

बाईंनी बोटाने भाजीतून एक पांढरा धागा बाजूला काढला. मुळाचा तुकडा होता. त्याच्याकडे बघत अगदी शांतपणे म्हणाल्या, "बाजारात भाजी आणणाऱ्या आदिवासी बायका मूळ ठेवून कापतात. ही कुणी तरी शिकलेल्या माणसाने उपटली आहे."

आणि त्यांनी डबा संपवला. पूर्ण. शेवटची डाळ बोटाने निपटून खाल्ली, डबा धुतला, पुसला, माझ्यापुढे ठेवला. "सासूबाईंच्या हाताला चव आहे," म्हणाल्या, आणि छत्री घेऊन मागे गेल्या. वरच्या वर्गाच्या खिडकीतून मला दिसत होतं. त्या खालच्या उतारावर एकेका गोट्यापाशी वाकत होत्या. पालथा घातलेला गोटा त्यांनी सुलटा केला.

घरी जाऊन मी रडले. सासूबाईंना सगळं सांगावंच लागलं. त्यांनी ऐकून घेतलं, उठल्या, गॅलरीतून एक तेलाचा जुना डबा घेऊन आल्या. त्यात माती होती आणि मातीत मी उपटलेल्या मुळांचे झुबके खोवलेले. "टाकूक मन होईना," म्हणाल्या. "जितां काय तरी वाटला." आणि मला आश्चर्य वाटावं असं पुढे म्हणाल्या, "बाईंचा घर दाखय."

तो डबा डोक्यावर घेऊन माझी सासू बाईंच्या दारात उभी राहिली. "बाईनू, कापली मी, उपटली हिने. चूक आमची दोगांची." बाईंनी त्यांना आत घेतलं, जमिनीवर वर्तमानपत्र पसरलं आणि भिंग लावून एकेक झुबका तपासला. पंधरांपैकी नऊ जिवंत होते. दोघी तासभर मुळांवर बोलत होत्या. एक शुद्ध पुस्तकी, एक शुद्ध मालवणी, आणि कुणालाच काही अडलं नाही. मी चहा केला. तो मात्र बिघडला.

नऊ झुबके वरच्या उतारावर फटींत लावले. पण बाई म्हणाल्या, "ह्या वर्षी ह्यांच्याकडून काही मागायचं नाही. कापलेल्या दहांकडूनही नाही. खाली आहेत, पण वर येतील असं नाही."

पंधरा ऑगस्टला झेंडावंदन झालं. मोठ्या बाई पांढरीशुभ्र साडी सावरत कातळावर आल्या. बाईंनी हजेरीपट माझ्या हातात दिला. "जुलैचं पान तुझ्या अक्षरात आहे. तूच वाच."

एकपासून सोळापर्यंत ठीक होतं. मी क्रमांक घ्यायची आणि बाई छत्रीच्या टोकाने दाखवायच्या; दांड्यावर पांढरी फुलं, पावसाने जरा वाकलेली. मोठ्या बाई मान हलवत होत्या. त्यांना आवडत होतं, हे त्यांच्या चेहऱ्यावर चुकून दिसत होतं.

"सतरा," मी म्हणाले.

गोटा. त्याच्याशेजारी चिखल.

मोठ्या बाईंनी पटात डोकावून पाहिलं. "इथे तर हजर लिहिलंय. रोज."

बाई काही बोलल्या नाहीत. बोलल्या असत्या, 'आत्ताच कुणी उपटलं असेल,' एवढंच म्हणाल्या असत्या, तर पट त्यांच्या बाजूने होता. त्यांनी फक्त माझ्याकडे पाहिलं. रागाने नाही; उत्तर येत असलेल्या मुलीकडे बघतात तसं.

"गैरहजर," मी म्हणाले. "सतरापासून एक्केचाळीसपर्यंत सगळ्या गैरहजर. मी न बघता हजर लिहिलं. आणि मग... मग आम्ही त्या खाल्ल्या."

"खाल्ल्या?"

"भाजी केली. हरभऱ्याची डाळ घालून."

मोठ्या बाईंनी चष्मा काढून पुसला. बराच वेळ पुसला. बाई म्हणाल्या, "ह्यातल्या दहा खाली आहेत. झोपल्यात. नऊ वर हलवल्यात."

"असतील," मोठ्या बाई म्हणाल्या, "पण मला दिसतं तेवढंच मी ट्रस्टींना सांगू शकते. वरचा अर्धा उतार राहील. खालचा जाईल."

माझ्यामुळे अर्धा गेला. खरं बोलले म्हणून नाही. त्याआधी बोलले नाही म्हणून.

कोर्टाचं काम दिवाळीच्या सुट्टीत सुरू होणार होतं. त्याआधीचे सगळे रविवार आम्ही तिघींनी खालच्या उतारावर काढले. पानं गळलेली, वर काही खूण नाही, फक्त बाईंचे गोटे. सासूबाई फटीतली माती सुईने काटा काढावा तशी उकरायच्या. मी पिठाच्या चाळणीने माती चाळायची. टाचेच्या चपला घरी आणि माझी सगळी नखं तुटलेली. कापलेल्यांची मुळं दहाच्या दहा सापडली, ती वरच्या उतारावर लावली. शेवटचं मिळालं तेव्हा बाईंनी परकराच्या खिशातून खडीसाखर काढून तिघींत वाटली. त्या दिवसापर्यंत त्यांनी मला एका शब्दाने सुनावलं नव्हतं. तेव्हा म्हणाल्या, "चाळण धुऊन टाक हो. नाही तर पोळीत मुसळी जायची. भलतीच ताकद यायची घरात." मी लाजेने लाल, सासूबाई खो खो हसताहेत.

आता बाई नाहीत. सासूबाई तर त्यांच्याही आधी गेल्या. कोर्टावर आता शिक्षकांच्या स्कूटर लागतात. वरचा उतार जंगलाच्या नव्या भिंतीच्या आत गेला आहे, आणि पावसाळ्यात पहारेकऱ्याशी गोड बोललं तर तो दहा मिनिटं आत सोडतो. मी वयाचा फायदा घेऊन वीस मिनिटं लावते.

पण कोर्ट झालं त्याच्या पुढच्या जुलैतली ती सकाळ सांगायची राहिली. बाईंनी मला निरोप दिला, "सासूबाईंना घेऊन ये. लवकर ये." आम्ही गेलो तेव्हा बाई छत्रीखाली खडकावर बसलेल्या होत्या. हलवलेल्या एकोणीसपैकी अकरा रोपं उगवली होती आणि त्यातल्या दोघींनी दांडा काढला होता. पांढरी फुलं नुकतीच उघडत होती, मध्ये पिवळे ठिपके.

सासूबाई जवळ गेल्या. वाकल्या. जन्मभर दर पावसाळ्यात जी भाजी त्यांनी खुडली, निवडली, चिरली, परतली, तिच्याकडे त्या अशा बघत राहिल्या की जणू कुणी नवं माणूस आहे.

"ह्या ह्येचा फूल?" त्या म्हणाल्या. "जल्मात कधी बघूक नाय मी. खावन टाकल्यार ती फुलतली खंयसून?"

बाई खडकावर जराशा सरकल्या आणि छत्री अर्धी त्यांच्या बाजूला धरली. "बसा," म्हणाल्या. सासूबाई बसल्या. मला कुणी बस म्हटलं नाही. मी भिजत उभी राहिले.